‘उंची वाढली’ म्हणून मुलींना सोडून देऊ नका : मल्लखांब आणि जिम्नॅस्टिक्सच्या प्रशिक्षकांना खुलं पत्र

महाराष्ट्रातल्या मल्लखांब आणि जिम्नॅस्टिक्स प्रशिक्षकांना,
सप्रेम नमस्कार.

तुमच्यापैकी बऱ्याच जणांची आणि माझी स्पर्धांमध्ये तोंडओळख आहे. तुम्ही आत खांबाला एरंडेल चोळत असायचात आणि मी बाहेर मैदानावर पडलेली आडवी दांडी उचलून पुन्हा वर ठेवत असायचो. माझी सगळी नोकरी शाळेत क्रीडाशिक्षक म्हणून झाली. शालेय स्पर्धांमध्ये बांबूउडीपाशी, म्हणजे पोल व्हॉल्टपाशी, माझी ड्यूटी जवळपास ठरलेलीच, कारण तिथे दिवसभर उन्हात उभं राहायला दुसरं कुणी तयार नसायचं. खेळाडूही हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. मुलींमध्ये तर एखाद्या वर्षी तेवढ्याही नाहीत.

मला लिहायचं आहे रशियाच्या येलेना इसिनबायेवाबद्दल. मग पत्र ॲथलेटिक्सवाल्यांना का नाही, तुम्हाला का, असं वाटेल. ॲथलेटिक्सवाल्यांना तिचं नाव पाठ आहे. महिलांच्या पोल व्हॉल्टचा ५.०६ मीटरचा जागतिक विक्रम तिने २८ ऑगस्ट २००९ रोजी झुरिकमध्ये केला आणि तो अजून तिच्याच नावावर आहे. तेवढ्या काळात पुरुषांचा विक्रम युक्रेनच्या सेर्गेई बुब्काकडून फ्रान्सच्या लाविलेनीकडे आणि त्याच्याकडून स्वीडनच्या डुप्लांटिसकडे गेला. डुप्लांटिसने तर तो सेंटीमीटर-सेंटीमीटर करत २०२५ मध्ये टोकियोत ६.३० पर्यंत नेला. महिलांचा आकडा जागचा हललेला नाही. पण ही बाई ॲथलेटिक्सच्या मैदानावर तयार झालेली नाही. ती तुमच्यासारख्यांच्या हाताखाली तयार झाली आणि पंधराव्या वर्षी ‘आता तुझं इथं काही खरं नाही’ असं सांगून तिला बाहेर काढलं गेलं. पुढे जे घडलं ते तिच्या पहिल्या गुरूने एक गोष्ट केली म्हणून घडलं, आणि ती गोष्ट आपल्याकडे होत नाही.

येलेनाचा जन्म १९८२ चा, व्होल्गा नदीकाठच्या वोल्गोग्राद शहरातला. वडील प्लंबर, घरची परिस्थिती बेताची. पाचव्या वर्षी बहिणीबरोबर ती जिम्नॅस्टिक्सला जाऊ लागली. प्रशिक्षक होते अलेक्सांद्र लिसोवोय. दहा वर्षं तिने तेच केलं. बार, बीम, फ्लोअर आणि सकाळ-संध्याकाळ मार. मार म्हणजे सरावाचा, गैरसमज नको. मग मुलगी वाढायला लागली. पुढे ती १.७४ मीटरवर जाऊन थांबली, म्हणजे पाच फूट साडेआठ इंच. इतक्या उंच मुलीचं जिम्नॅस्टिक्समध्ये काय होतं ते तुम्हाला मी सांगायला नको. अंग फिरायला वेळ लागतो, वरच्या बारवर झोका घेताना पाय खालच्या बारला लागतात आणि शेजारची साडेचार फुटी मुलगी तेच काम निम्म्या कष्टात करून मोकळी होते.

लिसोवोयने तिला घरी पाठवलं नाही. १९९७ मध्ये त्याच शहरातल्या येवगेनी त्रोफिमोव्ह यांच्याकडे तो तिला घेऊन गेला. त्रोफिमोव्ह पोल व्हॉल्ट शिकवायचे. तो काळ कोणता होता तेही लक्षात घ्या. महिलांचा पोल व्हॉल्ट तोवर ऑलिंपिकमध्ये एकदाही झालेला नव्हता. आउटडोअर जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत तो आला १९९९ साली सेव्हियाला आणि ऑलिंपिकमध्ये २००० साली सिडनीला. म्हणजे ज्या खेळात ना प्रमाणपत्राची खात्री ना पदकाची, अशा खेळाकडे आपली दहा वर्षांची मेहनत एका माणसाने दुसऱ्याच्या हवाली केली. लिसोवोयच्या नावावर यातलं एकही पदक लागलं नाही. माझ्या मते या सगळ्या कहाणीतला सर्वांत मोठा माणूस तोच.

१९९८ मध्ये मॉस्कोला जागतिक युवा क्रीडा स्पर्धा झाल्या. त्यात चार मीटरची उडी मारून ती पहिली आली. पोल हातात धरून तिला जेमतेम काही महिने झाले होते. हे कसं शक्य झालं, ते तुमच्या भाषेत सांगून बघतो.

पोल व्हॉल्टची निम्मी लढाई धावण्यात असते. धावेचा वेग पोलमध्ये शिरतो, पोल वाकतो आणि सरळ होताना तोच वेग उंचीच्या रूपाने परत देतो. जमीन सुटल्यापासून पोल हातातून सुटेपर्यंत दीड सेकंदसुद्धा मिळत नाही. तेवढ्यात लोंबकळलेल्या अंगाचा झोका घ्यायचा, गुडघे छातीशी नेत पाय डोक्याच्या वर काढायचे, पाठ जमिनीकडे आणि तळवे आकाशाकडे अशा अवस्थेत पोलला चिकटून राहायचं, मग अंगाला पीळ देऊन पोट दांडीकडे वळवायचं आणि पोल ढकलून द्यायचा. धावपटूंमधून घेतलेली मुलं नेमकी कुठे अडतात? उलटं होताना. डोकं खाली गेलं की ती घाबरतात, मान मागे टाकून दांडी शोधायला लागतात, कंबर खाली बसते आणि पोलने परत दिलेला वेग वाया जातो. ही भीती काढण्यात प्रशिक्षकांची वर्षं जातात. वरून लोंबणारी दोरी धरून झोका घेत उलटं होण्याचे व्यायाम जगभरातले पोल व्हॉल्टर करतात.

दोरी धरून उलटं होणं! आपल्याकडे सात वर्षांच्या पोरी ते परकर-पोलक्यात करत आल्या आहेत.

मला ठाऊक आहे, मल्लखांब आणि पोल व्हॉल्ट एक नाहीत. अढी, तेढी अशा मल्लखांबाच्या प्रकारांत पायांची पकड मुख्य. पोलवर पायांना काही काम नाही, सगळा भार हातांवर आणि खांद्यांवर. तुमचा खांब जागचा हलत नाही, हा हलतो आणि वर वाकतो. शिवाय तुमच्या मुलांना पळायची सवय नसते. जिम्नॅस्टिक्सची मुलं व्हॉल्टिंग टेबलसाठी पंचवीस मीटरपर्यंत पळतात, मल्लखांबाची तर तेवढीही नाहीत. इसिनबायेवालाही धावणं नव्याने शिकावं लागलं. पण धावणं शिकवता येतं, त्याला मैदान आणि दोन हंगाम पुरतात. हवेत आपलं अंग कुठे आहे याची जाण पंधराव्या वर्षी कोऱ्या पाटीवर लिहिता येत नाही. आणि ती एकटीच तशी होती असंही नाही. तिची पहिली मोठी प्रतिस्पर्धी स्वेतलाना फेओफानोव्हा, तीही जिम्नॅस्टिक्समधूनच आलेली.

या दोघींची २४ ऑगस्ट २००४ ची अथेन्सची अंतिम फेरी तुमच्या मुलांना एकदा दाखवा. चार वर्षांपूर्वी सिडनीला अठरा वर्षांची येलेना पात्रता फेरीतच गळाली होती. अथेन्सला ती विश्वविक्रम नावावर घेऊन आली. ४.७० ला पहिली उडी चुकली. नियमाप्रमाणे त्याच उंचीवर आणखी दोन संधी होत्या. तिने त्या सोडल्या आणि दांडी ४.७५ वर जायची वाट पाहिली. तिथेही चुकली. पुन्हा तेच, दोन्ही चुका धरून उरलेली एकुलती एक संधी ४.८० साठी राखून ठेवली. तोवर फेओफानोव्हाने ४.७५ पार केलेलं. म्हणजे ही उडी गेली तर सोनं गेलं. दोन उड्यांच्या मधल्या वेळात तिची सवय बघण्यासारखी आहे. डोक्यावर कपडा ओढून ती मैदानावर आडवी होते, इतर कुणाची उडी बघत नाही. उठते, पोल हातात घेते, त्याच्याशी ओठांतल्या ओठांत काहीतरी पुटपुटते आणि निघते. ४.८० पार. मग ४.८५ पार. मग सुवर्णपदक खिशात असताना दांडी ४.९१ वर, आणि विश्वविक्रम.

आता ही फिल्म हळू करून बघा. पोल सरळ होत असताना तिचे दोन्ही पाय जुळलेले, पंजे ताणलेले, गुडघ्यात वाक नाही. पोल व्हॉल्टमध्ये पंजे ताणल्याचे गुण कुणी देत नाही. ती लिसोवोयच्या हॉलमधली सवय आहे. तुमच्यातला कुठलाही परीक्षक ते बघून ओळखेल.

पुढच्या वर्षी तिचा तडाखा अफाट होता. २२ जुलै २००५ ला लंडनच्या क्रिस्टल पॅलेस मैदानावर एकाच संध्याकाळी आधी ४.९६ आणि मग ५.००. पाच मीटर पार करणारी ती जगातली पहिली बाई. तीनच आठवड्यांत हेलसिंकीच्या जागतिक स्पर्धेत ५.०१. इनडोअर-आउटडोअर मिळून तिचे विश्वविक्रम २८. बुब्काचे ३५ होते आणि त्याच्यापुढे जायचं हे ती उघडपणे बोलून दाखवायची. सेंटीमीटर-सेंटीमीटरने विक्रम वाढवायचा आणि दर वेळी बक्षीस घ्यायचं यावरून दोघांनाही टोमणे बसले. मला त्यात गैर वाटत नाही. प्लंबरची मुलगी आहे, घेऊ दे की.

तिच्या कारकिर्दीत प्रशिक्षकांसाठी आणखी एक प्रकरण आहे आणि ते बोचरं आहे. २००५ च्या त्या हंगामानंतर तिने त्रोफिमोव्हना सोडलं आणि विताली पेत्रोव्ह यांच्याकडे गेली. हे तेच पेत्रोव्ह, ज्यांनी बुब्का घडवला. विचार करा, मुलगी शून्यातून पाच मीटरवर नेली आणि ती उठून दुसऱ्याकडे गेली. आपल्याकडे अशा वेळी तोंड बघायचं बंद होतं. संघनिवडीत हिशेब चुकते केले जातात, हेही तुम्ही-आम्ही पाहिलं आहे. पेत्रोव्हकडे तिने बीजिंगचं सोनं मिळवलं. ४.७० आणि ४.८५ अशा दोन उड्यांत स्पर्धा संपवली आणि मग एकटीच खेळत राहून शेवटी ५.०५. पण २००९ ला बर्लिनच्या जागतिक स्पर्धेत ४.७५ ला एकदा, ४.८० ला दोनदा चुकली आणि एकही उंची नावावर न लागता बाहेर पडली. सुवर्ण पोलंडच्या आना रोगोव्स्काला. अकरा दिवसांनी झुरिकला तिने ५.०६ मारली, जी आजवर कुणाला जमलेली नाही. त्यानंतर मात्र घसरण. २०१० मध्ये दोहाच्या इनडोअर जागतिक स्पर्धेत चौथी आली आणि खेळातून काही महिने बाजूला झाली. परतली ती वोल्गोग्रादला, त्रोफिमोव्हकडेच. आणि त्यांनी तिला घेतलं. २०१२ ला लंडनमध्ये कांस्य, २०१३ ला मॉस्कोत घरच्या लोकांसमोर ४.८९ मारून जागतिक विजेतेपद. इतक्या वर्षांनी दारात आलेल्या शिष्येला परत घेताना त्रोफिमोव्हना काय वाटलं असेल, हा माझ्या कुतूहलाचा विषय आहे.

तिचं सगळंच डोक्यावर घ्या असं मी म्हणत नाही. त्याच मॉस्कोच्या स्पर्धेत एका स्वीडिश खेळाडूने समलिंगी लोकांना पाठिंबा म्हणून नखं इंद्रधनुष्याच्या रंगांत रंगवली, तेव्हा हिने तिच्यावर टीका केली आणि रशियातल्या समलिंगीविरोधी कायद्याची बाजू घेतली. नंतर इंग्रजीमुळे गैरसमज झाला म्हणाली. मला ते पटलं नाही. ती लष्कराच्या क्लबची खेळाडू, हुद्द्याने अधिकारी, सत्तेच्या जवळची, आणि युक्रेनवरच्या हल्ल्यानंतर तिच्याकडे लोक ज्या नजरेने बघतात त्याला कारणं आहेत. २०१५ च्या नोव्हेंबरमध्ये रशियन ॲथलेटिक्सवर उत्तेजकांवरून बंदी आली. २०१६ ला ६८ खेळाडूंचं अपील क्रीडा लवादाने फेटाळलं, त्यात हीही होती. तिची स्वतःची एकही चाचणी कधी दोषी निघाली नव्हती. त्या जूनमध्ये तिने रशियात ४.९० मारली होती आणि रिओचं सुवर्ण ४.८५ ला गेलं. ती जिंकली असती का, यावर वाद घालण्यात अर्थ नाही. सरकारने पोसलेल्या लबाडीची किंमत कोण भरतं, एवढं त्यातून दिसलं. रिओतच तिने निवृत्ती जाहीर केली.

आता आपल्या अंगणात येतो.

काही वर्षांपूर्वी आमच्या जिल्ह्याच्या शालेय स्पर्धेत एक मुलगी आली. शाळेच्या यादीत नाव कमी पडलं म्हणून तिला बांबूउडीत ढकललेलं. मूळची दोरीच्या मल्लखांबाची. धावताना पोल डावी-उजवीकडे झुलत होता, पावलांचा हिशेब नाही, टेक-ऑफ चुकलेला. दांडी अर्थातच पडली. पण जमीन सुटल्यावर ती मुलगी जी उलटी झाली, ती मी त्या मैदानावर कधी बघितली नव्हती. घाई नाही, धडपड नाही, मान जागेवर, तळवे सरळ वर. मी तिच्या सरांना गाठून म्हटलं, हिला ॲथलेटिक्सच्या माणसाकडे पाठवा. ते म्हणाले, “हिची उंची वाढतेय, दहावीही आलीय. आता बंदच करणार आहे ती.” पुढच्या वर्षी ती कुठेच दिसली नाही.

त्या सरांना दोष द्यायला मी हे लिहीत नाही. तेही बिनपगारी संध्याकाळी मुलं शिकवणारे. पण अशा किती मुली दर वर्षी तुमच्या हॉलमधून बाहेर पडतात, तुम्ही सांगा. दहावीच्या वाढीव गुणांपुरतं प्रमाणपत्र झालं की खेळ संपला. आणि दुसरीकडे भारतीय महिलांचा पोल व्हॉल्टचा विक्रम अजून साडेचार मीटरच्या खाली आहे. तोही बहुतांशी तमिळनाडूच्या मुलींनी वर नेलेला. ज्या राज्यात पोरी दोरीवर डोकं खाली करून हसत सलामी देतात, ते राज्य या यादीत शोधावं लागतं.

तुम्ही म्हणाल, मल्लखांब ही काय दुसऱ्या खेळांची रोपवाटिका आहे? अजिबात नाही. पेशवाईत बाळंभट्ट देवधरांनी नव्याने उभी केलेली ही विद्या स्वतःच्या पायांवर उभी आहे. २०१९ ला शिवाजी पार्कवर मल्लखांबाची जागतिक स्पर्धा झाली, खेलो इंडियात तो आला, राष्ट्रीय क्रीडा स्पर्धेत आला. तिथे चमकणारी मुलगी तिथेच राहू दे. तिला हात लावायचा प्रश्नच नाही. मी बोलतोय ती जिला तुम्ही स्वतःच नाही म्हणणार आहात तिच्याबद्दल. नाही म्हणून झाल्यावर एक फोन जिल्ह्यातल्या ॲथलेटिक्स प्रशिक्षकाला करा. नुसता नंबर मुलीच्या हातात ठेवू नका. पंधरा वर्षांची पोर असा फोन करत नसते आणि तिचे आईवडील तर नाहीच नाही. बरोबर जा. आईवडिलांनाही न्या.

एक गोष्ट मात्र हात जोडून. उत्साहाच्या भरात गावच्या वाळूच्या खड्ड्यात खराखुरा बांबू देऊन मुलींना उडवू नका. जाड फोमची पूर्ण मापाची गादी, पोल टेकवायची नीट बसवलेली पेटी आणि मुलीच्या वजनाला साजेसा पोल, यातलं एक जरी कमी असेल तर उंचावर उडवणं नको. त्याआधी करण्यासारखं बरंच आहे. पोल हातात धरून धावणं, छोट्या पोलने तीन पावलांवरून गादीवर उतरणं, दोरीवरचे झोके. फायबरग्लासचे पोल महाग असतात, एकाला एक पुरत नाही, मुलगी वाढली की पोल बदलावा लागतो, आणि तो रेल्वेत कसा न्यायचा हा वेगळाच वनवास. बालेवाडीसारख्या ठिकाणी सोय आहे, तालुक्याला नाही. जिल्हा क्रीडा अधिकाऱ्यांकडे निदान विभागाला एक पूर्ण संच मागायचा तर तो अर्ज ॲथलेटिक्सवाल्यांबरोबर तुमच्याही सहीने गेला पाहिजे. एकट्या ॲथलेटिक्सचा अर्ज कुठे जातो ते मी नोकरीभर पाहिलं आहे.

येत्या उन्हाळी शिबिरात एक सकाळ यासाठी ठेवा. ज्यांची उंची वाढली म्हणून तुमच्या मनात चलबिचल आहे अशाच मुली बोलवा, आधी अथेन्सची फिल्म दाखवा आणि मग दोरीवर उलटं व्हायला सांगा. दोरी आणि गाद्या तुमच्याकडे आहेतच. लहान मापाचे दोन पोल मी कुणाकडून तरी मागून आणतो आणि दांडी धरायला मीच उभा राहतो.

आपला,
एक निवृत्त क्रीडाशिक्षक